गेलिक फुटबॉल (आयर्लंडचा पारंपरिक मैदानी खेळ) खेळून पुढे क्रीडा मानसशास्त्राच्या क्षेत्रात गेलेला कोणी खेळाडू आहे का?

हो, एंडा मॅकनल्टी. उत्तर आयर्लंडमधल्या आर्मा काउंटीचा बचावपटू. २००२ साली डब्लिनच्या क्रोक पार्कवर आर्माने बलाढ्य केरी काउंटीला १-१२ विरुद्ध ०-१४ असं हरवलं आणि पहिल्यांदाच ऑल-आयर्लंड किताब, म्हणजे काउंटी संघांमधलं अजिंक्यपद, जिंकला. (आधीचा आकडा गोलांचा, नंतरचा गुणांचा; एक गोल म्हणजे तीन गुण, त्यामुळे फरक फक्त एका गुणाचा!) मध्यंतराला आर्मा चार गुणांनी मागे होतं, त्यातच ऑशिन मॅककॉनव्हिलची पेनल्टीही वाया गेली होती. उत्तरार्धात त्यानेच निर्णायक गोल केला. चूक मागे टाकून पुढच्या चेंडूकडे बघणं म्हणजे काय, हे एंडाने संघात राहून पाहिलं. त्याचा भाऊ जस्टिनही त्याच संघात होता.

गेलिक खेळ हौशी आहेत, खेळाडूंना पगार नसतो. त्यामुळे पोटापाण्याचा व्यवसाय प्रत्येकाला वेगळा शोधावाच लागतो. एंडाने मानसिक तयारीचं प्रशिक्षण हाच व्यवसाय केला, स्वतःची कंपनी काढली आणि जो श्मिट प्रशिक्षक असताना आयर्लंडच्या रग्बी संघाबरोबर काम केलं. २०१८ चं ग्रँड स्लॅम (सिक्स नेशन्स या सहा देशांच्या स्पर्धेतले सगळे सामने जिंकणं) त्याच काळातलं. मला त्याची ही दुसरी खेळी पहिलीइतकीच मोलाची वाटते.