यूट्यूबवरचं जुनं नाट्यसंगीत उतरवून ठेवणं गुन्हा आहे का, आणि त्यासाठी कोणतं टूल वापरावं?

वायटी-डीएलपी (yt-dlp) हे यूट्यूबवरचे व्हिडिओ आणि आवाज उतरवून घेणारं टूल. ‘हे टूलच बेकायदा आहे’ असं तुम्हाला सांगितलं गेलंय, ते साफ चूक आहे. तो वाद २०२० मध्येच होऊन गेला. ऑक्टोबरमध्ये अमेरिकी रेकॉर्ड कंपन्यांच्या संघटनेने, आरआयएएने, याच टूलचा पूर्वज यूट्यूब-डीएल गिटहब या कोड ठेवण्याच्या साइटवरून काढायला लावला. आरोप असा की हे टूल यूट्यूबचं ‘रोलिंग सायफर’ नावाचं कुलूप फोडतं. डिजिटल हक्कांसाठी लढणाऱ्या ईएफएफ या संस्थेच्या वकिलांनी कळवलं की यूट्यूब जी जावास्क्रिप्ट (वेबपानातला कोड) प्रत्येक ब्राउझरला देतं तीच हे टूल चालवतं, चोरकिल्ली कुठेच नाही. १६ नोव्हेंबरला कोड परत आला. चाचणीसाठी घेतलेल्या गाण्यांच्या लिंका तेवढ्या गेल्या.

आपल्याकडे १९५७ च्या कॉपीराइट कायद्याचं कलम ५२ खासगी वापरासाठी रास्त वापराची मुभा देतं. कलम ६५-ए कुलूप तोडण्याला शिक्षा सांगतं, पण हक्कभंगाचा हेतू असेल तरच. यूट्यूबच्या अटी मात्र मोडतात; त्यात खातं जाऊ शकतं, तुरुंगवास नाही.

ध्वनिमुद्रणाचा हक्क प्रकाशनानंतर ६० वर्षं, गीत आणि चालीचा कर्त्याच्या मृत्यूनंतर ६० वर्षं. म्हणून १९१६ च्या ‘स्वयंवर’ची बालगंधर्वांची जुनी तबकडी आज मोकळी आहे: चाली देणारे भास्करबुवा बखले १९२२ मध्ये गेले, नाटक आणि पदं लिहिणारे कृ. प्र. खाडिलकर १९४८ मध्ये.

वायटी-डीएलपीसोबत एफएफएमपेग (ffmpeg) आणि यूट्यूबची जावास्क्रिप्ट चालवणारं डेनो (Deno) बसवा. एफएफएमपेग नसेल तर चित्र आणि आवाज जोडले जात नाहीत. ४०३ एरर आली तर आधी टूल अपडेट करा. यूट्यूबने प्लेअर बदललेला असतो. नुसता आवाज हवा असेल तर यूट्यूब देतं त्या एम४ए किंवा ओपस फॉरमॅटमध्ये आहे तसाच ठेवा. मुळात १२८ ते १६० केबीपीएसच्या आसपास असलेल्या आवाजाची ‘३२०’ची एमपी३ केली तर फक्त फाइल फुगते, वर दर्जा थोडा उतरतो.

आणि व्हिडिओच्या माहितीची जेसन (JSON) फाइल सोबत उतरवाच; हे टूलच ती देतं. अपलोड करणाऱ्याचं नाव आणि त्याने लिहिलेला तबकडीचा क्रमांक तिथेच असतो. संग्राहक तबकड्या धुऊन, योग्य सुई निवडून, वेग जुळवून आवाज काढतात, आणि काही चॅनेलवाले तोच उचलून स्वतःचा लोगो चिकटवतात. ‘हक्क संपलेत ना?’ हे त्यांचं ठरलेलं उत्तर. कायदा आडवा येत नसला तरी ही चोरीच आहे, आणि याच लोकांमुळे चांगले संग्राहक अपलोड करणं थांबवतात.

जर्मनीत असाल तर वरचं धरून चालू नका. २०२३ मध्ये हॅम्बुर्गच्या न्यायालयाने यूट्यूब-डीएलची वेबसाइट होस्ट करणाऱ्या कंपनीविरुद्ध निकाल दिला आहे.