इंटरनेटवर आपली खाजगी माहिती जपायची कशी? ठाण्यातल्या एका झेरॉक्सवाल्याचं उत्तर

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: भाऊ म्हणतो व्हीपीएन घे, ऑफिसातला एकजण महागडा अँटिव्हायरस सुचवतोय, आई-बाबा कासारवडवलीला दोघंच राहतात आणि हल्ली बँकेपासून विजेच्या बिलापर्यंत सगळं मोबाइलवर करतात, तर सुरक्षित राहायला नेमकं काय करावं?

माझं नौपाड्यात झेरॉक्स, प्रिंट आणि ऑनलाइन फॉर्म भरून देण्याचं दुकान आहे. मी कॉम्प्युटरमधला तज्ज्ञ वगैरे नाही. पण लोकांची माहिती कुठून बाहेर पडते ते काउंटरच्या या बाजूनं रोज दिसतं, आणि त्यावरून सांगतो की तुमचे पैसे चुकीच्या जागी जाणार आहेत. कंपन्यांचा डेटा फुटतो तो फुटतो, त्याला आपण काही करू शकत नाही. जे आपल्या हातात आहे ते मात्र आपणच येता-जाता वाटत असतो.

व्हीपीएनचं आधी उरकून टाकू. त्यानं एवढंच होतं, की तुम्ही कुठल्या साइटवर गेलात हे इंटरनेटवाल्याऐवजी व्हीपीएनवाल्याला दिसतं. 2022 मध्ये सर्ट-इन या सरकारच्या सायबर सुरक्षा संस्थेनं व्हीपीएन कंपन्यांना ग्राहकांची नावं-पत्ते पाच वर्षं जपून ठेवायला सांगितलं, तेव्हा काही मोठ्या कंपन्यांनी भारतातले सर्व्हरच काढून घेतले. फुकटातला व्हीपीएन तर घेऊच नका, त्यांचा खर्च कुठून तरी निघत असणारच ना! ब्राउझरमधल्या ‘इनकॉग्निटो’ म्हणजे खाजगी खिडकीनं फक्त आपल्याच फोनमध्ये नोंद राहत नाही, बाहेरच्यांना दिसायचं ते दिसतंच. यावरून 2020 मध्ये अमेरिकेत गूगलवर खटला झाला आणि 2024 मध्ये तडजोड करताना कंपनीनं जुन्या नोंदी पुसायचं कबूल केलं. अँटिव्हायरसच्या पैशांचं म्हणाल, तर बाबांच्या फोनला सिक्युरिटी अपडेट यायचे बंद झाले असतील तर ते पैसे नव्या फोनमध्ये घाला. माझ्या मते त्यापेक्षा चांगला अँटिव्हायरस नाही.

आता दुकानातलं सांगतो.

दिवसभरात सगळ्यात जास्त वेळा कानावर पडणारं वाक्य म्हणजे, ‘दादा, आधारची प्रिंट हवी होती.’ मी नंबर सांगतो, पीडीएफ व्हॉट्सॲपवर येते आणि मी विचारायच्या आत पासवर्ड चारचौघांत मोठ्यानं सांगून झालेला असतो. खरं तर सांगायचीही गरज नाही. ई-आधारच्या पीडीएफचा पासवर्ड सगळ्यांचा एकाच साच्यातला असतो: नावाची पहिली चार अक्षरं इंग्रजी कॅपिटलमध्ये आणि पुढे जन्माचं साल. नाव व्हॉट्सॲपच्या प्रोफाइलवर असतंच. आणि जन्मसाल? फेसबुकवर ‘बाबांची साठी’ म्हणून केक कापतानाचे फोटो टाकलेत ना, झालं. म्हणजे ती फाइल ज्याच्या हाती पडली त्याच्याकडे किल्लीही आहे असंच समजा.

आणि फाइल पडते किती ठिकाणी? माझ्या फोनच्या चॅटमध्ये, कॉम्प्युटरवरच्या व्हॉट्सॲप वेबमध्ये, डाउनलोडच्या फोल्डरमध्ये, तिथून पुसली तर रिसायकल बिनमध्ये. तुम्ही घरी जाऊन ‘डिलीट फॉर एव्हरीवन’ केलंत तरी कॉम्प्युटरवर उतरवलेली फाइल तिथेच राहते. मी शटर ओढण्याआधी सगळं साफ करतो. बाकीचेही करत असतील, पण मी कोणाची हमी घेणार नाही. शाळा-कॉलेजच्या प्रवेशांच्या दिवसांत तर दुकानात पाय ठेवायला जागा नसते, तेव्हा कोण काय पुसतंय! शिवाय दुकानातल्या कॉम्प्युटरवर स्वतःचं जीमेल उघडून, प्रिंट घेऊन, लॉगआउट न करता लोकलसाठी पळणारे असतात ते वेगळेच. त्यांच्या मागून आलेल्या गिऱ्हाइकासमोर त्यांचा अख्खा इनबॉक्स उघडा असतो. बँकेचं स्टेटमेंट, पॅन, पगाराची स्लिप, सगळं.

म्हणून आधार डाउनलोड करताना ‘मास्क्ड आधार’ निवडा. त्यात पहिले आठ आकडे झाकलेले असतात, शेवटचे चारच दिसतात. मे 2022 मध्ये आधार प्राधिकरणाच्या बेंगळुरू कार्यालयानं लोकांना हेच वापरा म्हणून सांगणारी नोट काढली होती, गदारोळ झाला आणि दोन दिवसांत ती मागे घेतली गेली. नोट गेली, सोय आहे तिथेच आहे. जिथे पूर्ण नंबर लागणारच, तिथे झेरॉक्सवर आडवी रेघ मारून कशासाठी दिली आणि कुठल्या तारखेला दिली ते पेननं लिहा. प्रिंट झाली की दुकानदाराला फाइल तुमच्यासमोर पुसायला सांगा, रिसायकल बिनसकट. लाजू नका. सांगणारं गिऱ्हाईक मला आवडतं. आणि दर आठवड्याला प्रिंट लागत असेल तर घरी छोटा प्रिंटर घ्या, माझा धंदा बुडाला तरी चालेल.

आई-बाबांसाठी अजून एक काम. आधारच्या ॲपमध्ये बायोमेट्रिक लॉक आहे, तो लावून टाका. अंगठ्याच्या ठशावर खात्यातून पैसे काढायची सोय बँकांनी खेड्यापाड्यांसाठी केली, तिचा गैरवापर कागदांवरचे ठसे उचलून होतो. लॉक असला की ठसा चालत नाही, आणि गरज पडली की थोड्या वेळापुरता उघडता येतो.

आधारपेक्षाही मी जास्त जपा म्हणेन तो मोबाइल नंबर. बँकेचा ओटीपी त्यावर, जीमेलचा पासवर्ड विसरलात तर तोही त्यावरच. आई-बाबांचा जुना, रिचार्ज न करता सोडून दिलेला एखादा नंबर असेल, तर तो बँकेत आणि आधारला अजून जोडलेला आहे का ते आधी पाहा. बंद पडलेला नंबर 90 दिवसांनंतर दुसऱ्याला मिळू शकतो. मग तुमच्या बाबांच्या ठेवीचे मेसेज पनवेलमधल्या कुणाच्या तरी फोनवर वाजतील. ‘संचार साथी’ या सरकारी पोर्टलवर आपल्या नावावर किती सिम आहेत ते दिसतं. एका माणसाच्या नावावर जास्तीत जास्त नऊ चालतात. यादीत अनोळखी नंबर दिसला तर तिथेच ‘हा माझा नाही’ म्हणून कळवता येतं.

नंबराच्या जोडीला मुख्य ईमेल. त्याचा पासवर्ड दुसरीकडे कुठेही वापरलेला नको आणि टू-स्टेप व्हेरिफिकेशन, म्हणजे पासवर्डनंतर आणखी एक खातरजमा, चालू हवं. व्हॉट्सॲपलाही सहा आकडी पिन लावा आणि ‘लिंक्ड डिव्हायसेस’मध्ये कुठलं अनोळखी यंत्र जोडलेलं नाही ना ते बघा. आमच्यासारख्या दुकानातला कॉम्प्युटर तिथे सापडला तर नवल वाटून घेऊ नका. या पलीकडचे चाळीस पासवर्ड वहीत लिहून कपाटात ठेवलेत तरी माझी हरकत नाही. कपाट कोणी दिल्लीत बसून उघडत नाही.

घोडबंदरच्या सोसायट्यांचं एक वेगळंच आहे. गेटवरच्या वहीत आलेला प्रत्येकजण नाव, नंबर, फ्लॅट नंबर लिहितो, आणि पुढचा माणूस सही करता करता वरच्या दहा ओळी वाचतो. 2023 मध्ये डिजिटल डेटाचा कायदा आला, पण तो त्या वहीपर्यंत पोचायचा नाही. सोसायटीच्या ग्रुपवर ‘आम्ही दहा दिवस कोकणात, दूध बंद’ असं टाकणारे आहेत. पार्सलचं खोकं नाव-पत्ता-नंबराच्या चिठ्ठीसकट कचऱ्यात जातं. चिठ्ठी फाडून टाका, गावाला गेल्याचे फोटो परत आल्यावर टाका. याला ना ॲप लागतं ना पैसे.

फोनमध्ये घुसायचा सध्याचा आवडता रस्ता म्हणजे एपीके फाइल. व्हॉट्सॲपवर ‘लग्नाची पत्रिका’ किंवा ‘आरटीओ चलान’ या नावानं येते. शेवटी ‘.एपीके’ असेल तर ती पत्रिका नाही, ते ॲप आहे. दाबलं, परवानगी दिली, की मेसेज वाचायची मुभा त्याला मिळते आणि ओटीपी परस्पर तिकडे जातो. खरं चलान वाहतूक विभागाच्या साइटवर गाडीचा नंबर टाकून पाहता येतं, ते फाइल होऊन येत नाही. 1 एप्रिल 2019 पूर्वीच्या गाड्यांना एचएसआरपी या जास्त सुरक्षित नंबर प्लेटची सक्ती झाली तेव्हाही खोट्या साइट निघाल्या होत्या. दुकानात येणारे गूगलवर वरच दिसणारी जाहिरात उघडायचे. जाहिरात आधी दिसते ती पैसे भरल्यामुळे, खरी असल्यामुळे नाही. कस्टमर केअरचे नंबर शोधतानाही हेच. नंबर कार्डच्या मागे किंवा पासबुकवर बघा.

आता आई-बाबांचं. मागच्या पावसाळ्यात एक काका भिजत दुकानात आले. फोन शर्टाच्या खिशात, कॅमेरा बाहेरच्या बाजूला, कॉल चालू. एक फाइल पाठवून म्हणाले, एक प्रिंट द्या, सही करून परत पाठवायचीय. कागद निघाला तो अटक वॉरंटाचा. वर सिंहाची राजमुद्रा, खाली सीबीआय, ईडी आणि रिझर्व्ह बँक असे तिघांचे शिक्के एकाच पानावर, आणि तळाशी खाते क्रमांक आणि आयएफएससी कोड. वॉरंटावर आयएफएससी कोड! मी मार्करनं कागदाच्या मागे लिहिलं, ‘काका, ही फसवणूक आहे, फोन ठेवा’ आणि कागद कॅमेऱ्यात येणार नाही असा खाली धरला. त्यांनी दोनदा वाचलं आणि फोन तसाच माझ्या हातात दिला. मीच कट केला.

पैसे गेले नव्हते. चहा घेताना ते एकच सांगत होते, ‘अहो, त्याला माझा आधार नंबर माहीत होता, पत्ता माहीत होता, कुठल्या बँकेत पेन्शन येते तेसुद्धा. मग खरा पोलीस नाही तर कोण?’

माहिती फुटण्याचा खरा तोटा तिथे आहे. लोकांना वाटतं आधार नंबर कळला की खातं रिकामं होतं. तसं होत नाही. पण तो नंबर फोनवर घडाघडा म्हणून दाखवला, की परका माणूस सरकारी वाटायला लागतो. म्हणून आई-बाबांना व्हीपीएन शिकवू नका, एवढंच शिकवा: समोरच्याला तुमची माहिती आहे याचा अर्थ तो खरा आहे असा होत नाही. ती माहिती माझ्यासारख्या पन्नास दुकानांतून फिरून आलेली असू शकते. ‘डिजिटल अटक’ नावाचा प्रकार आपल्या कायद्यात नाही. ऑक्टोबर 2024 च्या ‘मन की बात’मध्ये पंतप्रधानांनीही हे सांगितलं होतं. पैसे घ्यायला यूपीआय पिन लागत नाही, द्यायलाच लागतो. बँकांच्या साइटचा पत्ता आता ‘.बँक.इन’नं संपतो, अर्थात इंग्रजी अक्षरांत. आणि बँकेच्या नावानं साध्या दहा आकडी नंबरवरून कोणी घाबरवायला लागलं तर कापा, आणि पासबुकावरच्या नंबरला आपण फोन करा.

तरी काही झालंच, तर आधी 1930 या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला फोन करा. नातेवाइकांना विचारणं, घरात भांडणं, सगळं नंतर. तिथे व्यवहाराचा नंबर, वेळ आणि रक्कम सांगितली की पैसे पुढच्या खात्यात असतील तर तिथेच गोठवता येतात. ते पुढे दहा खात्यांत पसरले की हात टेकावे लागतात, म्हणून मिनिटं महत्त्वाची. राष्ट्रीय सायबर क्राइम पोर्टलवरही तक्रार नोंदवता येते. बँकेला त्याच दिवशी कळवा. रिझर्व्ह बँकेच्या जुलै 2017 च्या नियमानुसार चूक ना तुमची ना बँकेची अशा फसवणुकीत तीन कामकाजाच्या दिवसांत कळवलं तर तुमचं नुकसान शून्य. ओटीपी तुम्हीच दिला असेल तर कळवेपर्यंतचं नुकसान तुमचं, कळवल्यानंतर जे जाईल ते बँकेचं. ती वेळ पुढे सिद्ध करावी लागते, त्यामुळे शाखेत तोंडी सांगून येऊ नका. अर्ज दोन प्रतींत न्या आणि एकीवर तारीख-वेळेसह पोच घ्या.