वर्तुळ नुसतं थरथरतंय, संगीताबरोबर हलत नाही

संगीतावर हलणाऱ्या चित्राच्या कोडमध्ये आवाजाची पातळी थेट वर्तुळाच्या आकाराला जोडली आणि चित्र नाचायच्या ऐवजी थरथरतंय, असं तुम्ही लिहिलंय. कोड चुकलेला नाही. पातळी दर फ्रेमला वरखाली होते आणि वर्तुळ ती इमानेइतबारे गिरवतं, एवढंच.

आधी सोपा इलाज. फुगणं आणि ओसरणं वेगळं ठेवा. नवी किंमत मोठी असेल तर लगेच घ्या. लहान असेल तर दर फ्रेमला फरकाचा दहावा हिस्साच उतरा. सेकंदाला ३० फ्रेम धरल्या, तर ठोक्याचा फुगवटा अर्ध्या सेकंदात साधारण ऐंशी टक्के ओसरतो. डोळ्याला तेवढी शेपटी लागते.

आवाजाचे खर्जापासून वरपर्यंतचे पट्टे वेगळे करायला एफएफटी (आवाजातल्या कंप्रता वेगळ्या काढणारं गणित) वापरणार असाल तर एक खोच आहे. सेकंदाला ४४,१०० नमुने असलेल्या ध्वनीतले एका वेळी १०२४ नमुने घेतले की एकेक खण, म्हणजे कंप्रतेचा एक तुकडा, सुमारे ४३ हर्ट्झचा होतो, आणि खर्जातले बरेच स्वर एकाच खणात कोंबले जातात. ४०९६ घ्या, खण ११ हर्ट्झवर येतो. पण खिडकी, म्हणजे एका वेळी तपासलेला आवाजाचा तुकडा, ९३ मिलिसेकंदांची होते आणि ठोका पसरट दिसतो. मी दोन्ही चालवतो: ठोक्यांना १०२४चा छोटा, खर्जाला ४०९६चा मोठा.

पण हे सगळं करूनही चित्र मेलेलं वाटू शकतं. माझ्या एका कामात मी सहा पट्ट्यांना सहा गोष्टी जोडल्या होत्या: रंग, आकार, फिरणं, काय नाही ते. विसाव्या सेकंदाला मलाच कंटाळा आला. पाच जोडण्या काढल्या, तेव्हा कुठे बघावंसं वाटलं. नॉर्मन मॅक्लॅरेन आणि एव्हलिन लॅम्बर्टचा ‘बिगॉन डल केअर’ (१९४९) हा लघुपट बघा. फिल्मवरच रंगवून-खरवडून केलेला, ऑस्कर पीटरसनच्या जॅझवर. वेगवान भागांत रंगांचा धुमाकूळ आहे. मधल्या संथ भागात मात्र काळ्यावर खरवडलेल्या मोजक्या बारीक उभ्या रेघा. पियानो काय करतोय ते तिथे जास्त नीट ऐकू येतं. उलट, ऑस्कर फिशिंगरच्या ‘मोशन पेंटिंग नंबर १’ (१९४७) या लघुपटात बाखचं संगीत आहे, पण चित्र प्रत्येक स्वराच्या मागे धावत नाही. ब्रशच्या फटकाऱ्यागणिक ते आपल्या गतीने वाढत जातं.

तेव्हा वर्तुळ ठोक्याला बांधा, पार्श्वभूमीचा रंग आठेक सेकंदांच्या सरासरीला, आणि एखादी गोष्ट कशालाच नको. मग आवाज बंद करून बघा. तेव्हाही नजर टिकली तर जमलंय.

ट्रॅक कुठल्या प्रकारचा आहे तेही लिहा. सलग ड्रोन (न थांबता लांबणारा एकच सूर) असेल तर ठोक्यांचं प्रकरण सोडून द्यायचं, आणि आवाज किती उजळ किंवा मंद आहे त्यावर काम करायचं.