वाचक विचारतात: आवाज न चढवणारा नट

प्रश्न: सर, आम्ही दशावतारात आवाज चढवूनच उभे राहतो. मागच्या अंकात तुम्ही उल्लेखलेले चेक नट रुडॉल्फ ह्रुशिन्स्की कोण? – एक वाचक, वेंगुर्ले

उत्तर: जन्म १९२०, फिरत्या नाटकवाल्यांच्या घरात. तुमच्या पेटाऱ्यासारखंच बिऱ्हाड! १९६९च्या 'स्पालोवाच मर्त्वोल' (प्रेतं जाळणारा) या चित्रपटात ते शवदाहिनीचा कर्मचारी झाले. किती मऊ, लाघवी बोलतात, आणि त्यानेच अंगावर काटा येतो. देवगडला मित्राच्या ओटीवर पाहिला. त्या रात्री मला जेवण गेलं नाही. १९६८च्या 'दोन हजार शब्द' या चेकोस्लोव्हाकियात राजकीय सुधारणा मागणाऱ्या जाहीरनाम्यावर सही केली म्हणून पुढे काही वर्षं चित्रपटांची दारं बंद झाली. ऐन उमेदीतली वर्षं हो! पुढे परतले, १९८५च्या एका चित्रपटातला त्यांचा गावचा डॉक्टर जरूर बघा. १९९४मध्ये गेले.