अंडरग्राउंड कॉमिक्स म्हणजे नुसती हिप्पींची अश्लील चित्रं, की त्यांनी खरंच काही बदललं?

अंडरग्राउंड कॉमिक्स म्हणजे साठ-सत्तरच्या दशकांत अमेरिकेत मोठ्या प्रकाशकांना बाजूला ठेवून काढलेली, मोठ्या माणसांसाठीची कॉमिक्स. त्यांत अश्लीलता भरपूर होती, ते नाकारण्यात अर्थ नाही. पण मी आधी 'माउस' (नाझींच्या ज्यू-संहारातून वाचलेल्या आपल्या वडिलांवर आर्ट स्पीगलमनने काढलेलं कॉमिक) वाचलं आणि ते कुठून आलं हे शोधत मागे गेलो, म्हणून या कॉमिक्सचं मोल मला वेगळं वाटतं.

१९५४ साली अमेरिकेत कॉमिक्समुळे मुलं बिघडतात अशी ओरड झाली. सिनेटमध्ये सुनावण्या झाल्या आणि घाबरलेल्या प्रकाशकांनी स्वतःच 'कॉमिक्स कोड', म्हणजे काय छापायचं नाही याची नियमावली, लावून घेतला. शीर्षकात 'हॉरर' हा शब्दसुद्धा चालेना. कोडचा शिक्का नसलेला अंक बहुतेक वितरक घेतच नसत, त्यामुळे मोठ्या माणसांसाठी काही काढायची वाटच बुजली.

१९६८ मध्ये रॉबर्ट क्रम्ब या चित्रकाराने सॅन फ्रान्सिस्कोत 'झॅप कॉमिक्स'चा पहिला अंक काढला आणि तो हाइट-ॲशबरी या हिप्पींच्या वस्तीत रस्त्यावर बाबागाडीत ठेवून विकला. पुढे असे अंक हेड शॉपमधून, म्हणजे पोस्टरं आणि चिलमी विकणाऱ्या हिप्पींच्या दुकानांतून, खपू लागले. शिक्क्याची गरजच उरली नाही. शिवाय चित्रांचा हक्क चित्रकाराकडेच राहू लागला. मोठ्या कंपन्यांत तेव्हा पानामागे पैसे घ्यायचे आणि पात्रावर पाणी सोडायचं, अशीच रीत होती.

क्रम्बने रंगवलेल्या बायका आणि काळी माणसं पाहताना मला आजही फार त्रास होतो. 'काळच तसा होता' हे मला पटत नाही, कारण त्याच काळात, त्याच शहरात ट्रिना रॉबिन्स ही चित्रकार याविरुद्ध उघड बोलत होती. पुरुषांच्या अंकांत तिला जागा मिळेना, तेव्हा १९७० मध्ये तिने मैत्रिणींना जमवून 'इट एन्ट मी, बेब' हा संपूर्ण स्त्रियांचा अंक काढला. १९७२ मध्ये 'विमेन्स कॉमिक्स' सुरू झालं. त्याच्या पहिल्याच अंकात एका तरुणीच्या गर्भपाताची गोष्ट होती आणि आपण समलिंगी आहोत हे सांगणाऱ्या मुलीचीही.

त्याच वर्षी जस्टिन ग्रीनने 'बिंकी ब्राउन मीट्स द होली व्हर्जिन मेरी' काढलं. कॅथलिक घरात वाढलेला एक मुलगा, त्याच्या मनात सतत येणारे 'पापी' विचार आणि ते टाळण्यासाठी त्याने स्वतःवर लादलेले विचित्र नियम. ग्रीनने ही स्वतःचीच कहाणी सांगितली होती. आपल्याला झालेल्या आजाराला ओसीडी (नको ते विचार आणि कृती पुन्हापुन्हा करायला लावणारा मानसिक आजार) म्हणतात, हे त्याला पुष्कळ नंतर कळलं. स्वतःची लाज इतक्या उघडपणे कॉमिक्समध्ये मांडता येते, हे त्याने दाखवून दिलं. 'बिंकी' नसतं तर 'माउस' झालं नसतं, असं आर्ट स्पीगलमनने स्वतः म्हटलंय. त्याचं तीन पानी पहिलं 'माउस'ही १९७२ च्याच एका अंडरग्राउंड अंकात आलं होतं.

१९७३ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने अश्लीलता ठरवायचं माप स्थानिक समाजावर सोडलं. दुकानदार धास्तावले आणि ही लाट ओसरत गेली. 'माउस'ला पुलित्झर मिळालं ते १९९२ मध्ये.

वाचायचं असेल तर 'झॅप'पासून नको, 'बिंकी'पासून सुरू करा. मग ते तीन पानी 'माउस' आणि त्यानंतर मोठं.