मैदानावरचे प्रश्न : आजोबांची सर्व्हिस आणि नातवाचा लिबेरो

यावेळी आलेली पत्रं वाचताना एक गोष्ट सारखी जाणवत राहिली, प्रश्न खेळाचा म्हणून विचारलेला असतो पण खरा प्रश्न घरातल्या कुणाबरोबर तरी कसं वागायचं हा असतो. 31 वर्षं शाळेत पीटी शिकवली, त्यामुळे मला याचं नवल वाटत नाही. चार पत्रं घेतलीयेत, पहिल्याला जरा जास्त जागा दिलीय कारण ते मनात राहिलं.

ताई, मी 67 वर्षांचा आहे. कॉलेजात व्हॉलीबॉल खेळायचो, टीमचा मेन स्मॅशर होतो. नातू नववीत आहे आणि शाळेच्या व्हॉलीबॉल टीममध्ये आहे. वाटलं होतं आता आमची चांगली गट्टी जमेल, पण मी काही सांगायला गेलो की तो म्हणतो, आजोबा तुमचे नियम जुने झाले. सर्व्हिस नेटला लागली की मी फाउल ओरडतो आणि सगळी पोरं हसतात. गुडघेही आता साथ देत नाहीत. म्हणून बाकड्यावर गप्प बसून असतो. काय करू?

आजोबा, तुमचं पत्र मी दोनदा वाचलं. आधी एक सांगते, नातू खरं बोलतोय. तुमच्या वेळी ज्याची सर्व्हिस त्यालाच पॉइंट मिळायचा, सेट 15 चा असायचा, कधीकधी अर्धा अर्धा तास सर्व्हिस नुसती इकडून तिकडे जायची आणि स्कोअर जागचा हलायचा नाही. 1998 मध्ये ते सगळं बदलायचं ठरलं, रॅली जिंकेल त्याला पॉइंट, पहिले चार सेट 25 चे आणि पाचवा 15 चा. लिबेरो पण त्याच सुमाराला आला, वेगळ्या रंगाचा शर्ट घालून फक्त मागे डिफेन्स करणारा. आणि सर्व्हिस नेटला लागून पलीकडे पडली तर आता खेळ चालू राहतो. हे सगळं त्याच्याचकडून शिकून घ्या. वही घेऊन बसा आणि विचारा, लिबेरोला काय काय करता येत नाही ते सांग बघू. नववीतल्या मुलाला आजोबांना काहीतरी शिकवायला मिळणं ही केवढी मोठी गोष्ट असते ते मी वर्गात बघितलंय, त्याचा आवाजच बदलतो. आणि शिकवता शिकवता तो स्वतःच विचारेल की मग तुमच्या वेळी काय होतं. तेव्हा सांगा, पण त्याने विचारल्यावरच.

आता गुडघ्यांचं. तुम्हाला कदाचित माहीत नसेल, पण तुमचा हा खेळ निघालाच मुळी वय झालेल्या माणसांसाठी. 1891 मध्ये अमेरिकेत स्प्रिंगफील्डला जेम्स नेस्मिथ नावाच्या शिक्षकाने बास्केटबॉल काढला, कारण हिवाळ्यात बाहेर खेळता येईना आणि तरुण पोरं हॉलमध्ये नुसती धुमाकूळ घालत होती. पोरांना तो खेळ फार आवडला. पण तिथून जवळच होल्योकला विल्यम मॉर्गन होता, त्याच्याकडे व्यायामाला येणारी मंडळी मध्यमवयीन होती, नोकरी धंद्यातली, त्यांना ती धावपळ आणि धक्काबुक्की झेपेना. म्हणून त्याने 1895 साली मध्ये नेट बांधली, दोन बाजूंना माणसं उभी केली, कुणी कुणाला धडकायचंच नाही असा खेळ केला, आधी त्याचं नाव मिंटोनेट होतं. मला ही गोष्ट फार आवडते, चार वर्षांच्या आत दोन शेजारच्या गावांत एक खेळ पोरांसाठी आणि एक बापांसाठी निघाला, आणि आज दोन्ही खेळ शाळाशाळांत आहेत.

तेव्हा बाकड्यावर बसू नका. डॉक्टरांना एकदा गुडघा दाखवा आणि ते हो म्हणाले की उडी न मारता जे येतं ते करा, नातवाला समोर उभं करून हातावर बॉल घेणं, बोटांनी वर देणं, भिंतीवर मोजून 50 वेळा. सेटर, म्हणजे स्मॅशरला बॉल वर करून देणारा, व्हायला उडी लागत नाही, हात लागतो, आणि हात म्हाताऱ्याचाही चालतो.

अजून एक काम सांगते, ते मी डोळ्यांनी बघितलंय म्हणून. आमच्या शाळेत एका मुलीचे आजोबा यायचे, खेळायला यायचे नाहीत, ग्राउंड आखायला यायचे. मॅचच्या आदल्या दिवशी संध्याकाळी हातात सुतळीचं बंडल, चार खुंट्या, डब्यात फक्की. व्हॉलीबॉलचं कोर्ट 18 बाय 9 मीटर, म्हणजे नेटच्या एका बाजूचा भाग 9 बाय 9 चा चौरस. ते एका पोराला एका कोपऱ्यात सुतळीचं टोक धरून बसवायचे आणि दुसऱ्याला कोपऱ्यातून तिरकं समोर पाठवायचे, म्हणायचे 12 मीटर 73 सेंटीमीटर भरलं पाहिजे, नाही भरलं तर कोपरा वाकडा आहे. पोरं खुंटी उपटायची, बोटभर सरकवायची, परत मापायची. आठवीतला एक मुलगा एकदम म्हणाला, अहो हे तर पायथागोरस आहे. आजोबा म्हणाले ते मला माहीत नाही, मला माझ्या वडिलांनी दाखवलं. मग फक्की मारताना सगळ्यांचे हात पांढरे, रेघ हलली की आरडाओरडा, आणि दुसऱ्या दिवशी कुणाचा पाय लाइनवर पडला की तीच पोरं भांडायची, कारण लाइन त्यांची होती. त्या मुलीच्या टीमने ती मॅच हरली की जिंकली मला आठवत नाही, सुतळी आठवते.

ताई, माझा मुलगा सातवीत आहे. दोन वर्षं शाळेच्या टीमच्या सिलेक्शनला जातो आणि दोन्ही वेळा बाहेर. कोच म्हणतात अंगाने कमी पडतो. त्यात आता परीक्षा जवळ आली की शाळा पीटीचा तासही काढून घेते. त्याला खेळ सोडायला सांगू का?

नको, अजिबात नको सांगू. आधी त्याची जन्मतारीख बघ आणि वयोगटाची तारीख कुठली धरतात ते बघ. 1985 साली कॅनडात रॉजर बार्न्सले आणि त्याच्याबरोबरच्या लोकांनी आइस हॉकीच्या टीममधल्या मुलांच्या जन्मतारखा काढल्या, तर वर्षाच्या सुरुवातीच्या महिन्यांत जन्मलेली मुलं भरमसाट आणि शेवटच्या महिन्यांतली अगदी थोडी. कारण साधं आहे, एकाच गटात जानेवारीचा मुलगा डिसेंबरच्या मुलापेक्षा जवळजवळ वर्षाने मोठा असतो, बारा वर्षांच्या वयात वर्षभर म्हणजे किती उंची, किती ताकद. कोचला वाटतं हा हुशार आहे, खरं तर तो फक्त मोठा आहे, मग त्यालाच जास्त मॅच, जास्त प्रॅक्टिस, आणि मग तो खरंच पुढे जातो. नंतर हेच फुटबॉलमध्ये आणि इतर खेळांतही दिसलं. मी स्वतः अशी सिलेक्शन केलीयेत आणि हे कळल्यावर मला मागची कितीतरी पोरं आठवली, त्यांची मला अजून टोचणी आहे.

नॉर्वेने यावर उपाय केलाय. तिथे 1987 पासून मुलांच्या खेळातल्या हक्कांचे नियम आहेत, मूल 11 वर्षांचं होईपर्यंत निकालाच्या याद्या आणि नंबर लावत नाहीत, 13 च्या आत राष्ट्रीय स्पर्धा नाही. सगळ्यांनी खेळायचं. आणि हा साधारण 55 लाख वस्तीचा देश 2022 च्या हिवाळी ऑलिंपिकमध्ये 16 सुवर्णपदकं घेऊन पहिला आला. तिथे बर्फ आहे, पैसा आहे, ते सगळं मान्य, पण लहानपणी नंबर न लावल्याने काही बिघडलं नाही एवढं तरी दिसतं.

पीटीच्या तासाबद्दल, एकटीने जाऊ नकोस, चार पाच पालक मिळून मुख्याध्यापकांना भेटा आणि भांडायला जाऊ नका. जागतिक आरोग्य संघटना 5 ते 17 वयाच्या मुलांना दिवसाला सरासरी 60 मिनिटं अंग हलवायला सांगते, ते त्यांच्यापुढे ठेवा. आणि एकच मागा, शाळेची एक टीम असण्याऐवजी वर्गावर्गांच्या टीम करा म्हणजे बाराऐवजी शंभर पोरं खेळतील. शाळेला कपाट भरून कप मिळतात ते बारा जणांमुळे, पण शाळा आपली वाटते ती उरलेल्यांना मॅचमध्ये घेतल्यामुळे, असं माझं स्पष्ट मत आहे.

ताई, आमच्या वसाहतीत लोक एकमेकांना ओळखत नाहीत. शेजारच्या शाळेचं मैदान संध्याकाळी कुलूपबंद असतं. मोठी स्पर्धा भरवावी असं काही जणांचं म्हणणं आहे, बक्षीस, मंडप, पाहुणे वगैरे. तुमचं मत?

स्पर्धा दोन दिवसांची, नंतर काय? मी दर आठवड्याला काहीतरी होईल असं बघेन. 2004 च्या 2 ऑक्टोबरला लंडनच्या बुशी पार्कमध्ये पॉल सिंटन-ह्यूइट नावाच्या माणसाने 13 जणांना पळवलं, स्वतः दुखापतीमुळे पळू शकत नव्हता म्हणून त्याने घड्याळ धरलं. आज ते पार्करन म्हणून कितीतरी देशांत चालतं, आठवड्यातून एकदा 5 किलोमीटर, फुकट, सगळं काम लोकच करतात. त्यातल्या दोन गोष्टी तुमच्या उपयोगाच्या. एक म्हणजे 11 वर्षांखालच्या मुलाने सोबतच्या मोठ्या माणसाच्या हाताच्या अंतरात राहायचं असा नियमच आहे, म्हणजे आई, बाबा, आजी कुणीतरी त्याच्या वेगाने पळणार किंवा ते त्यांच्या वेगाने. दुसरी, सगळ्यात मागे एक स्वयंसेवक चालत असतो, त्याचं कामच शेवटी पोचणं, त्यामुळे जो हळू आहे तो कधीच शेवटचा नसतो. मला वाटतं हे ज्याला सुचलं त्याला माणसं कळतात.

मैदानाच्या कुलपासाठी शाळेला लेखी द्या, वेळ किती ते लिहा, किल्ली कुणाकडे, झाडून कोण देणार, काही मोडलं तर भरून कोण देणार तेही लिहा. शाळा नाही म्हणते ती बहुतेक वेळा या शेवटच्या दोन गोष्टींच्या भीतीने. आणि लोक पाठीशी उभे राहतात हो, फक्त त्यांना काय करायचं ते सांगावं लागतं. पैलवान खाशाबा जाधव 1952 ला हेलसिंकीला ऑलिंपिकसाठी गेले ते लोकांनी वर्गणी काढली म्हणून आणि त्यांच्या कॉलेजच्या प्राचार्य खर्डेकरांनी स्वतःचं घर गहाण ठेवलं म्हणून, आणि ते ब्राँझ घेऊन आले, स्वतंत्र भारताचं पहिलं वैयक्तिक पदक. तुम्हाला घर गहाण ठेवायचं नाहीये, आठवड्यातून एक तास द्यायचाय.

ताई, मी 14 वर्षांची आहे, बॅडमिंटन खेळते. बाबा प्रत्येक मॅचला येतात पण बाहेरून सारखं ओरडून सांगतात, मग मी अजून चुकते. घरी जाताना गाडीत पण तेच. त्यांना येऊ नका सांगितलं तर वाईट वाटेल. त्यांनीच मला खेळायला शिकवलंय.

बाळा, तुझं शेवटचं वाक्य तू त्यांना सांगितलंयस का कधी? आधी ते सांग, मॅचच्या दिवशी नाही, मधल्या एखाद्या साध्या दिवशी. मग सांग की ओरडलं की मला शटल दिसत नाही, तुम्ही दिसता. अगदी याच शब्दांत सांग, कारण खरंच तसं होतं, लक्ष एका वेळी एकीकडेच राहतं.

आणि त्यांना काम दे. बाहेर बसलेल्या माणसाच्या हाताला काही नसलं की तोंड चालतं, हे मी हजार पालकांत बघितलंय. वही पेन दे आणि सांग, बाबा, माझे बॅकहँडला गेलेले किती पॉइंट ते लिहा, नेटमध्ये किती मारले ते लिहा. लिहिताना ओरडता येत नाही. घरी येऊन दुसऱ्या दिवशी तुम्ही दोघं ती वही उघडून बसा, तुला कळेल की त्यांना खेळ किती बारीक दिसतो, आणि त्यांनाही कळेल की तू 21 पैकी किती पॉइंट चांगले खेळलीस.

गाडीतलं आधीच ठरवून घे, मॅचचा विषय तू काढलास तर बोलायचं नाहीतर नाही. पहिल्या एकदोनदा त्यांना जमणार नाही, तू चिडू नकोस, नुसतं वहीकडे बोट दाखव. पुढच्या मॅचनंतर मला परत लिही, वहीत काय निघालं ते मला वाचायचंय.