जुळी मुलं खरंच आपापसात स्वतःची भाषा तयार करतात का?

तुम्ही लिहिलंय की तुमचे सव्वादोन वर्षांचे जुळे मुलगे दिवसभर एकमेकांशी बडबडतात, भांडतात, खिदळतात, पण घरात कुणालाच त्यातलं अक्षर कळत नाही. ही त्यांची स्वतःची भाषा आहे का आणि ती मोडायला हवी का, असं तुमचं विचारणं आहे. माझ्या बहिणीला जुळे मुलगे आहेत आणि मी भाषाविज्ञान शिकलेय, म्हणून उत्तर देते.

ती बहुतेक करून तुमचीच मराठी असते, फक्त बोबडी आणि भरधाव.

आमच्याकडचे दोघे "दादी पयी, दादी पयी" असा घोष करायचे. समोरच्या हिंदी बोलणाऱ्या काकू एकदा धावत आल्या, कुणाची आजी पडली म्हणून. पडली होती गाडी. या वयात पुष्कळ मुलांना क-ग जमत नाहीत, त्यांचे त-द होतात. 'ड', 'ळ', 'ल' यांचंही काहीतरी भलतंच होतं आणि मधली अक्षरं गळतात. यात जुळ्यांचं असं खास काही नाही.

खास आहे ते पुढे. एकटं मूल "दादी पयी" म्हणालं की आई विचारते, "काय पडलं? गाडी पडली होय रे!" शिकवतोय असं मनातही नसताना दिवसभर ही दुरुस्ती चालू असते. जुळ्यांमध्ये मात्र दुसरा लगेच गाडी उचलून देतो. काम झालं, मग उच्चार सुधारायचा कशाला? शिवाय दुसऱ्याच्या कानावर दिवसभर तोच उच्चार, म्हणून तोही तसाच बोलतो. पीटर बाकर या डच भाषाशास्त्रज्ञाने १९८७ साली अशा भाषांच्या नोंदी एकत्र तपासल्या, तेव्हा त्यालाही हेच दिसलं: शब्द घरातल्या मोठ्यांचेच, पण दोघांनी एकमेकांकडून अर्धवट शिकलेले.

येस्पर्सन या डॅनिश भाषाशास्त्रज्ञाने १९२२ च्या आपल्या पुस्तकात साडेपाच वर्षांच्या दोन जुळ्या भावांची हकिगत दिली आहे. आई आजारी, मुलं आडवळणाच्या घरात एका जवळजवळ बहिऱ्या म्हातारीकडे. चौथ्या वर्षी त्यांना बालगृहात आणलं तेव्हा त्यांचं बोलणं कुणालाच समजेना. त्यातलं एक वाक्य: "निना एनाय उना एनाय हेना माद एनाय." म्हणजे, सशाच्या पिल्लांना खाणं आणायचं नाही. ऐकायला परग्रहावरचं, पण 'निना' हा डॅनिश 'कानिन', म्हणजे ससा, 'माद' म्हणजे खाणं, आणि 'एनाय' हा साधा 'नाय', म्हणजे नाही. तो मात्र वाक्यात तीनदा पेरलेला! शब्द उसने आणि रचना थोडी घरची. मला हे वाक्य फार आवडतं.

अमेरिकेत सॅन डिएगोच्या ग्रेस आणि व्हर्जिनिया केनेडी या जुळ्या बहिणींचं प्रकरण १९७७ मध्ये गाजलं. त्या एकमेकींना पोटो आणि काबेंगो म्हणत. वर्तमानपत्रांनी 'नवी भाषा सापडली' म्हणून रान उठवलं. तज्ज्ञांनी ध्वनिमुद्रणं सावकाश ऐकली तेव्हा निघालं काय, तर इंग्रजी आणि त्यांना सांभाळणाऱ्या आजीची जर्मन, दोन्हींचा चेंदामेंदा. लहानपणी फिट्स आल्याने मुली मंदबुद्धी असतील असं आईवडिलांना सांगितलं गेलं होतं, म्हणून त्यांना फारसं बाहेरच काढलं नव्हतं. दोघींची बुद्धी तशी ठीकठाक होती. उपचारानंतर त्या इंग्रजी बोलू लागल्या.

नेटवर '४० टक्के जुळी गुप्त भाषा बोलतात' हा आकडा फिरतो. त्यावर जाऊ नका. कुणाशीही तेच बोबडं बोलणारी जुळी आणि फक्त एकमेकांशीच वेगळं बोलणारी जुळी, असे दोन गट आहेत. दुसरा गट बराच लहान असतो आणि तिसऱ्या वर्षापर्यंत आणखी आटतो. आपण शाळेत 'च'ची भाषा बोलायचो ("चठेकु चतेसजा?"), ती तर तिसरीच गोष्ट. ती मराठी पक्की झाल्यावर मुद्दाम दुसऱ्याला कळू नये म्हणून केलेली असते. तुमच्या मुलांना काही लपवायचं नाहीये.

तेव्हा मोडायला वगैरे जाऊ नका, आणि "नीट बोल" असं तर मुळीच म्हणू नका. लुरिया आणि युदोविच या रशियन संशोधकांनी पाच वर्षांच्या युरा आणि ल्योशा या जुळ्यांना बालवाडीच्या वेगवेगळ्या गटांत बसवलं आणि तीन महिन्यांत दोघांचंही बोलणं झपाट्याने सुधारलं. त्यावरून काही जण जुळ्यांना लगेच वेगळं करायला सांगतात. मला सव्वादोन वर्षांच्या मुलांसाठी ते अघोरी वाटतं. त्याऐवजी रोज थोडा वेळ एकेकट्याशी बोला. एकाला आजीबरोबर भाजी आणायला पाठवा, दुसऱ्याला तुम्ही आंघोळ घालताना गप्पा मारा. जुळ्यांच्या आईला दोघांचं करता करता 'खा', 'बस', 'मारू नको' यापलीकडे बोलायला फुरसतच नसते. बहिणीचं तेच होत होतं, आणि यात तिचा दोष काहीच नव्हता.

एक गोष्ट तपासाच. ते तुमच्याशी दोन शब्द जोडून बोलतात का? "आई पाणी", "बाबा ये", उच्चार कसेही असोत. तुम्ही सांगितलेलं त्यांना कळतं का? जुळी बरेचदा लवकर जन्मतात, वजन कमी असतं, त्यामुळे थोडं मागे असणं नेहमीचं आहे. पण यातलं काहीच नसेल तर 'जुळी उशिराच बोलतात' म्हणून थांबू नका. आधी कानांची तपासणी, मग वाचा-उपचार तज्ज्ञ. अंगणवाडीत राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमाचं आरोग्य पथक येतं, ते पुढच्या तपासणीसाठी जिल्ह्याच्या केंद्रात पाठवू शकतं. मुंबईत असाल तर वांद्र्याच्या अली यावर जंग संस्थेत ऐकण्या-बोलण्याची दोन्ही तपासण्या होतात. आणि जाताना दोघांच्या आपसातल्या गप्पा मोबाइलवर रेकॉर्ड करून न्या, कारण डॉक्टरांसमोर दोघंही हमखास गप्प बसतात.